उलट विचारण्याची परवानगी

माझ्यावर आयुष्यात एकदाच दावा झाला, आणि तो माझ्या थोरल्या दिरांनी लावला होता. त्या वेळी मी कर्जतच्या दवाखान्यात सुईणीचं काम करत होते. माझे यजमान पोशीरच्या बाजूला एका गावात शाळामास्तर होते. मोठ्या तापाच्या साथीत ते गेले. मूलबाळ नव्हतं. माझा भाऊ मुंबईला नोकरीत होता, त्यानं मला तिथल्या एका इस्पितळात सुईणीच्या शिक्षणाला घातलं. ते पुरं करून मी परत याच मुलखात आले, कारण इथल्या वाटा मला माहीत होत्या आणि इथल्या बायका माझ्याशी बोलत.

सासरचं घर एकाच छपराखाली होतं. मधे कुडाची भिंत. सासरे गेल्यावर दोघा भावांनी तोंडी वाटणी करून घेतली. ओटीकडचा भाग थोरल्यांचा, पडवीकडचा आमचा. खाचरंही तशीच बांधाबांधानं वाटली. कागद केला नाही. मास्तरांना कागदाचं महत्त्व कळत नव्हतं असं नाही, गावातली निम्मी पत्रं तेच लिहून देत. पण सख्ख्या भावाकडे कागद मागायचा कसा, असं त्यांना वाटलं असावं. आमच्यात त्यावर कधी बोलणं झालं नाही.

मास्तर गेल्यावर आमच्या वाट्याचं भातही दीरच काढत आणि मला त्यातले तांदूळ पाठवत. एका साली तांदूळ आले नाहीत. मी निरोप धाडला. उलट निरोप आला की घर एकत्र आहे, विधवेला पोटापुरतं द्यायचं असतं, आणि ती तर आता पगार घेते. त्या वर्षी पेरणीच्या आधी आमच्या वाट्याची खाचरं मी डोंगराखालच्या वाडीतल्या एका ठाकर कुटुंबाला लावायला दिली. भात कापून होतं न होतं तोच बेलिफ समन्स घेऊन दवाखान्याच्या पायरीवर हजर झाला.

कायदा तेव्हा असा होता, की भाऊ एकत्र असतील तर मेलेल्याचा हिस्सा जिवंत भावाकडे जाई आणि विधवेच्या वाट्याला फक्त अन्नवस्त्र येई. भाऊ वेगळे झालेले असतील तर नवऱ्याचा हिस्सा तिच्याकडे, ती जिवंत असेपर्यंत. म्हणजे सगळा दावा एकाच गोष्टीवर उभा होता. दोघे भाऊ वेगळे झाले होते की नव्हते?

मी ज्यांना वकीलपत्र दिलं ते कर्जतच्या बाजारामागे राहणारे एक म्हातारे गृहस्थ होते. तपकीर ओढत, आणि समोरचा माणूस बोलत असताना डोळे मिटून बसत, त्यामुळे ते ऐकताहेत की झोपलेत हे कळत नसे. त्यांनी माझी कैफियत लिहून दाखल केली. साक्षीपुराव्याची तारीख पडली तेव्हा त्यांचं अलिबागला मोठ्या कोर्टात अपील निघालं. जाऊन येऊन बरेच दिवस मोडणार होते. त्यांनी मुदतीचा अर्ज लिहून माझ्या हातात दिला.

"तारखेला पुकारा झाला की उभं राहायचं आणि हा अर्ज द्यायचा," ते म्हणाले. "मात्र वादीचे साक्षीदार येऊन बसलेले असले तर मुन्सफ मुदत देतीलच असं नाही. नाही दिली तर तुम्हीच साक्षीदारांना दोन प्रश्न विचारा."

"मी विचारू?"

"बाईनं विचारू नये असं कायद्यात कुठं लिहिलेलं नाही. प्रश्न वाईट झाले तरी चालतील. पण गैरहजर राहू नका. हजर असून गप्प बसलेला माणूस आणि गैरहजर माणूस यांत कोर्टाच्या दृष्टीनं फार फरक असतो."

तारखेच्या आदल्या दिवशी मला खालापूरला जावं लागलं. तिथल्या महालाच्या, म्हणजे छोट्या तालुक्याच्या, कचेरीतल्या एका कारकुनाची बायको अडली होती. ती संध्याकाळी नीट मोकळी झाली. रात्र तिथंच काढून सकाळी उजाडताच मी बैलगाडीनं कर्जतला निघाले. कोर्ट अकराला बसे. वेळ भरपूर होता.

खालापूर मागं टाकून थोडं पुढं आलो असू. रस्त्याच्या कडेला एक बाई उभी होती. हातात रिकामी कळशी, पण जवळपास विहीर नव्हती. तिनं गाडीवानाला नाही, मला हात केला.

"बाई, जरा खाली उतरा," ती म्हणाली. मी उतरले तशी ती माझ्या कानाशी आली. "गाडीवाल्याला फुडं जाऊं द्या. त्याला काय बी सांगू नका."

"का? काय झालंय?"

"लेक हाय माझी. कालपासून वेणा खातेय. काल तुमी खालापुरात आलायसा असं कळलं, पन तिथं यायची सोय नव्हती. पहाटेपासून हितंच उभी हाय."

मुलगी कुठं आहे विचारलं तेव्हा तिनं शेतापलीकडच्या झाडीत एक खोपी दाखवली. आणखी काही विचारायची गरज पडली नाही. घरात बाळंतपण करता येत असतं तर तिनं लेकीला शेतातल्या खोपीत नेलं नसतं.

त्या क्षणी मला कोर्टाची आठवण झाली नाही असं म्हणणार नाही. चांगली झाली. मी तिला म्हटलंही, "मला अकराच्या आत कर्जतला पोचायचंय." ती नुसती बघत राहिली. मी गाडीवानाला सांगितलं की माझं इथं ओळखीच्यांकडे काम आहे, तू हो पुढं.

मुलगी सतरा-अठराची असेल. हातात बांगड्या नव्हत्या, कपाळ मोकळं. मूल पायाळू होतं. आईनं आणि मी मिळून जे करायचं ते केलं. मुलगी ओरडायची नाही, पदराचा बोळा तोंडात धरून पडली होती, आणि ते मला बघवत नव्हतं. मी तिला म्हटलं, "ओरड गं, इथं कुणी नाही." तिनं मान हलवली. दुपार कलल्यावर मूल झालं. रडायला वेळ लागला, पण रडलं. मुलीला रक्तस्राव बराच झाला होता, म्हणून मी तिथून लगेच हलू शकले नाही. उन्हं उतरल्यावर तिच्या आईनं गवताची एक गाडी गाठून दिली. तीवर बसून मी कर्जतला आले तेव्हा कोर्ट केव्हाच उठलं होतं. मुदतीचा अर्ज माझ्या पिशवीत घडी घातलेला तसाच होता.

ती मुलगी कुठल्या गावची, कुणाची, मूल पुढं कुठं गेलं, हे मला माहीत आहे. इथं लिहीत नाही.

दुसऱ्या दिवशी कोर्टात जाऊन कारकुनाकडे चौकशी केली. तो म्हणाला, "तुमच्या नावाचा पुकारा तीनदा झाला. कुणी नाही. मग वादीची आणि दोन साक्षीदारांची जबानी एकतर्फी घेतली. आता पुढच्या तारखेला वादीच्या वकिलांचं भाषण आणि मग निकाल."

जबान्यांच्या नकला मिळाल्या त्या मी दवाखान्याच्या मागच्या खोलीत बसून वाचल्या. दिरांचं म्हणणं काय असणार ते ठाऊकच होतं. दुसरा साक्षीदार म्हणजे दिरांच्या मेहुण्यांपैकी कुणीतरी, त्याला मी धड ओळखतही नव्हते. पण पहिला साक्षीदार होता आमचा शेजारी. गावात त्यांना सगळे बाबा म्हणत. मास्तरांना खांदा देणाऱ्यांत ते होते. त्यांनी शपथेवर सांगितलं होतं, 'दोघे भाऊ शेवटपर्यंत एकत्र होते. एका चुलीवरचं खात. वाटणी झाल्याचं मला माहीत नाही.' त्याच्या खाली मुन्सफांच्या हाताची एक ओळ होती. 'प्रतिवादी गैरहजर. उलटतपासणी नाही.'

मला राग आला असता तर बरं झालं असतं. मला एवढंच वाटलं, की आपण तिथं असतो तर बाबा असं बोलले नसते. माझ्याकडे बघून त्यांना ते बोलता आलं नसतं. हे खरं की खोटं, ते मला ठाऊक नव्हतं, पण ते पारखून बघायची सोयच आता उरली नव्हती.

वकील अलिबागहून परतले. मी सगळी हकीकत सांगितली, मुलीची सोडून.

"बाळंतपणाला होते म्हणता. कुणाच्या?"

"ते सांगता येणार नाही."

त्यांनी डोळे उघडले. "बाई, अजून हुकूमनामा झालेला नाही. म्हणजे दार पुरतं बंद नाही. पुढच्या तारखेच्या आत आपण अर्ज देऊ, की प्रतिवादी सबळ कारणानं गैरहजर राहिली, सबब साक्षीदारांना पुन्हा बोलावून उलटतपासणीची परवानगी द्यावी. पण त्या अर्जात सबळ कारण लागतं. नुसतं बाळंतपण म्हणून कसं चालेल? उद्या कुणीही उठून तसं म्हणेल."

"मग नाही चालणार."

ते म्हणाले, "तुमचे डॉक्टर भले गृहस्थ आहेत. त्या दिवशी तुम्हाला हिवताप भरला होता असं लिहून देतील. कर्जतला हिवताप कुणाला भरत नाही?"

"अर्जाबरोबर शपथ घालावी लागेल ना?"

"लागेल."

"बाबा खोटं बोलले म्हणून मला त्यांना विचारायचंय. त्याची परवानगी मिळवायला मीच खोटी शपथ घालायची?"

"असा विचार सगळ्यांनी केला तर कोर्टं ओस पडतील," ते म्हणाले. पण रागावले नाहीत. तपकिरीची डबी उघडली, मिटली. "ठीक आहे. जे खरं आहे तेवढंच लिहू. नाव विचारलं तर सांगणार नाही असं सांगा. अर्ज फेटाळला जाईल असं धरून चला."

अर्ज दाखल झाल्याची बातमी फुटली. कर्जतच्या कोर्टातली बातमी खालापूरच्या बाजारात जायला वेळ लागत नसे. एका दुपारी त्या मुलीची आई दवाखान्यात आली. ओसरीच्या टोकाला बसली. बाकीच्या बायका गेल्या तरी बसून होती. पदरात थोडे वाल बांधून आणले होते, ते माझ्यापुढं ठेवले.

"लेक बरी हाय," ती म्हणाली. "हिंडायफिरायला लागली."

"दूध आलं होतं, त्याचा त्रास झाला का?"

"झाला. तुमी सांगितलंत तसं केलं." मग खाली बघत म्हणाली, "तुमची तारीख चुकली म्हनतात. जमीन जानार म्हनतात."

"तसं काही ठरलेलं नाही."

"मी येऊं का कोर्टात? सांगते मी, बाई माझ्या घरी व्हत्या म्हनून."

ते तिनं मनापासून विचारलं होतं यात मला शंका नाही. आणि मी नाही म्हणावं असंही तिला तितकंच मनापासून वाटत होतं. तिचे हात मांडीवर एकमेकांत गच्च अडकले होते.

"काही गरज नाही," मी म्हटलं. "तुमच्या येण्यानं काही होणार नाही. वकिलांनी दुसरी तजवीज केलीय."

वकिलांनी काहीच तजवीज केलेली नव्हती. ती उठली, माझ्या पायाला हात लावायला वाकली, मी मागं सरले. पुढं ती मला कधी भेटली नाही.

अर्जाची सुनावणी झाली त्या दिवशी कोर्टात फारशी माणसं नव्हती. मुन्सफ देशावरचे, नव्यानं बदलून आलेले. कोकणची दमट हवा त्यांना मानवत नसावी, सारखा रुमाल नाकाला लावत. वादीचे वकील तरुण आणि हुशार होते. त्यांचं म्हणणं सरळ होतं. ते म्हणाले, "प्रतिवादीला तारीख माहीत होती. ती आली नाही. का आली नाही हे ती सांगत नाही. साहेब, कारण दाखवलं तर गेलेली तारीख परत मिळते. कारणच नसेल तर तिनं आजपासून पुढं काय ते करावं, मागं जाता येणार नाही. माझे साक्षीदार एकदा येऊन गेले, त्यांनी पुन्हा का यावं?"

आमचे वकील उठले. "झालेल्या जबान्या पुसून टाका असं आम्ही म्हणत नाही. त्या राहू द्या. आम्हाला फक्त त्यांवर विचारू द्या. एका बाजूनं भाजलेली भाकरी तव्यावरून काढली तर ती भाकरीच असते, पण खाणाऱ्याच्या पोटात दुखतं. निकाल साहेबांना द्यायचा आहे."

मुन्सफ हसले नाहीत. त्यांनी मला पुढं बोलावलं. शपथ दिली.

"त्या दिवशी तुम्ही कुठं होतात?"

"खालापूरहून येताना वाटेत एका बाळंतपणाला थांबावं लागलं."

"कुणाच्या?"

"ते मी सांगणार नाही."

"सांगणार नाही, की सांगता येत नाही?"

"मला माहीत आहे. पण सांगणार नाही."

वादीचे वकील उभे राहिले. मुन्सफांनी त्यांना हातानं बसवलं.

"तुम्ही शपथेवर आहात हे लक्षात आहे? आणि हे सांगितलं नाही तर तुमचा अर्ज नामंजूर होऊ शकतो, हेही?"

"लक्षात आहे."

"तुमच्याऐवजी दुसरी सुईण बोलावता आली नसती?"

"मूल पायाळू होतं. वेळ नव्हता. आणि दुसरी कुणी तिथं यायला नको होती."

ते शेवटचं वाक्य माझ्या तोंडून गेलं आणि मला वाटलं, जास्त बोलले. मुन्सफांनी विचारलं, "दोघं जिवंत आहेत?"

"हो."

त्यांनी लिहायला घेतलं. बराच वेळ लिहीत होते. दीर समोरच्या बाकावर बसले होते. थोरले दीर म्हणून मी त्यांच्याशी कधी तोंडभर बोलले नव्हते, त्यांच्यासमोर कधी मान वर केली नव्हती. त्या दिवशी पहिल्यांदा मी त्यांच्याकडे नीट पाहिलं. ते म्हातारे झाले होते. ते मात्र खिडकीबाहेर बघत होते.

हुकूम वाचून दाखवला तो इंग्रजीत होता. वकिलांनी बाहेर आल्यावर मराठीत सांगितला. प्रतिवादीनं कारणाचा तपशील दिलेला नाही, आणि तो न दिल्याबद्दल तिला दोष द्यावा की नाही हे या कोर्टाला ठरवायचं नाही. तिचा धंदा पाहता ती शपथेवर सांगते ते अविश्वसनीय वाटत नाही. वादीची जी गैरसोय होईल ती खर्चानं भरून निघण्यासारखी आहे. उलट प्रतिवादीला विचारू न देता निकाल दिला तर होणारं नुकसान कशानंच भरून निघणार नाही. शिवाय त्या जबान्यांतल्या काही गोष्टी कोर्टालाही स्पष्ट करून हव्या आहेत. सबब दोन्ही साक्षीदारांना एकदा पुन्हा बोलवावं. त्यांच्या येण्याजाण्याचा भत्ता आणि वादीचा त्या दिवसाचा खर्च प्रतिवादीनं आधी भरावा. उलटतपासणी त्याच दिवशी पुरी करावी. पुन्हा मुदत नाही. त्या दिवशी प्रतिवादी आली नाही तर हा हक्क कायमचा गेला.

"चाळीस वर्षं वकिली केली," वकील पायऱ्या उतरताना म्हणाले, "कारण न सांगता अर्ज मंजूर झालेला पाहिला नव्हता." थोडं पुढं गेल्यावर म्हणाले, "आता त्या दिवशी कर्जत तालुक्यात कुणी बाळंत झालं तरी तुम्ही जायचं नाही."

मी डॉक्टरांना सांगून तीन दिवसांची रजा घेतली आणि वकिलांचं घर सोडलं तर खोलीतून कुठं हलले नाही.

त्या दिवसांत वकील मला संध्याकाळी बोलावून घेत आणि घरातलं सगळं विचारत. चूल कुठं, पाणी कुणी भरायचं, गणपतीत गौरी किती आणायच्या, पाहुणा आला तर कुणाच्या ओसरीवर बसायचा. मी सांगत जाई, ते डोळे मिटून ऐकत. मास्तर गेले त्या दिवसाचंही त्यांनी विचारलं. तो दिवस मी कुणाला सांगितला नव्हता. त्यांना सांगितला, कारण ते बघत नव्हते.

तारखेला दिरांचा मेहुणा आलाच नाही. आजारी म्हणून निरोप होता. बाबा आले. काठी टेकत पिंजऱ्यात चढले. माझ्याकडे बघितलं आणि नजर काढून घेतली.

वकिलांनी आधी खळ्याचं विचारलं.

"भात झोडायला खळी किती व्हायची?"

"येकच."

"दोघा भावांची मिळून?"

"व्हय. दोगांची येकच."

"गौरी?"

"ते बायकांचं. मला काय म्हाईत."

असं बरंच चाललं. बाबा डगमगले नाहीत. मला वाटलं, एवढं करून मिळालेली परवानगी अशीच संपणार. मग वकिलांनी आवाज खाली आणला.

"मास्तर वारले तेव्हा तुम्ही गावात होतात?"

"व्हतो तर. खांदा दिला मी."

"फार वाईट दिवस होता."

"घरटी मानूस जात व्हता तवा. लाकडं मिळंनात."

"मास्तरांच्या घरी त्या दिवशी जेवण कुणी नेलं?"

"आमच्या घरून गेलं. पिठलं-भात. माझ्या बायकोनं नेला. ही पोर खाईना," त्यांनी माझ्याकडे बोट केलं, "तिनं मांडीवर घेऊन दोन घास घातले."

"आणि ओटीकडं, थोरल्या भावाकडं? तिथंही तुमच्याकडूनच गेलं?"

"नाय. त्यांची पोरं तापानं पडलेली. पोरांना पेज लागायची सारखी. त्यांची चूल त्यांनी पेटवली व्हती."

"त्यांची चूल," वकील म्हणाले. "म्हणजे ओटीकडची."

"हां."

"मग विझलेली ती कुणाची?"

बाबा थांबले. दिरांकडे बघितलं नाही, वकिलांकडेही नाही. काठीच्या मुठीवर दोन्ही हात ठेवून उभे राहिले. वादीचे वकील कागद चाळत होते, त्यांचा हात तेवढा हलत होता.

"मास्तरची," बाबा म्हणाले. "पडवीतली."

"ती चूल कधीपासून वेगळी होती?"

"म्हातारा गेला तवापासून."

वकील खाली बसले. मुन्सफांनी विचारलं, "आणखी काही?" "काही नाही," वकील म्हणाले.

माझ्या मनात त्या वेळी विजयाबिजयाचं काही नव्हतं. मला बाबांच्या बायकोचा हात आठवत होता. त्याला कांद्याचा वास होता. ती त्याच साथीत चार दिवसांनी गेली. पिंजऱ्यातून उतरताना बाबांचा तोल जरा गेला, तेव्हा त्यांना धरायला दीर पुढं झाले. दोघं तसेच बाहेर पडले.

निकाल लागला त्यात न आलेल्या साक्षीदाराची जबानी विचारात घेतलेली नव्हती, कारण तिच्यावर विचारायची संधी मिळाली नाही. बाबांच्या जबानीवरून भाऊ वेगळे झाल्याचं शाबीत धरलं. दावा खर्चासह फेटाळला. दिरांनी अपील केलं नाही. तरुण वकिलांनी सल्ला दिला होता म्हणे, पण ते नको म्हणाले.

पुढची दोन वर्षं आमच्यात काही बोलणं नव्हतं. मी गावात जात नसे. ठाकराचं कुटुंब खाचर लावी आणि माझा वाटा आणून देई. बाबा वारल्याचं कळलं तेव्हा मी गेले. दारात बायका बसल्या होत्या. त्यांच्या सुनेनं मला आत घेतलं. माझ्या जाऊबाई तिथंच होत्या. आम्ही दोघी एका जागी बसलो, कुणी काही काढलं नाही. निघताना त्या म्हणाल्या, "पडवीची कौलं सरकलीत. गळती भिंतीतून आमच्यात येते."

"फिरवून घ्या. मी माणसाची मजुरी देईन."

"मजुरीचं नाय. तुझ्या जागेत चढायला यांना अवघड वाटतं. तू हो म्हणालीस तर चढतील."

मी हो म्हटलं. त्या साली दिरांनी दोन्ही भागांची कौलं एकदम फिरवली.

त्यानंतर जाऊबाई धाकट्या मुलाचे डोळे आले म्हणून एकदा दवाखान्यात आल्या. डॉक्टरांनी औषध घातलं. मुलगा रडून थकून झोपला, म्हणून त्या माझ्या खोलीत थांबल्या. मी चहा केला. त्यांनी चहा घेतला नाही, दूध घेतलं. गावातल्या कुणाकुणाचं सांगत बसल्या. मग म्हणाल्या, तुझ्या त्या ठाकराला सांग, खालच्या खाचरात पाणी तुंबतंय, तिथं पटणी भात लावण्यापेक्षा दुसरं काहीतरी बघ म्हणावं. आमच्या बाजूचा बांध फोडून पाणी काढता येईल, पण त्याला येऊन यांच्याशी बोलावं लागेल. मी म्हटलं, येत्या बाजाराला तो येईल तेव्हा सांगते. मुलगा उठला तेव्हा गाडीची वेळ होत आली होती. मी त्यांना स्टेशनाच्या वाटेपर्यंत सोडून आले.